झाडलोटीच्या वेळचा खेळ

डेप्टफर्ड, लंडन
मंगळवार, ६ मार्च १९३४

श्रीमान सेड्रिक व्हॉन साहेबांस,

म्हणजे सिरिल टॅपसेल यास, ज्याचं नाक आई गेल्यापासून मी माझ्या एप्रनला पुसत आले.

इकडे आम्ही दोघं बरे आहोत. बाबांना शहात्तर पूर्ण झाली. खोकला नोव्हेंबरात येतो तो एप्रिलात जातो, त्यामुळे सध्या मुक्कामाला आहे. माझे गुडघे माझ्या धंद्याला साजेसे आहेत. तुझी खुशाली विचारत नाही, कारण काल सकाळी नऊ वाजता मी तुला वीस फूट उंच पाहिलं, आणि खाऊन-पिऊन चांगला सुटलेला दिसलास.

तुला ठाऊक नसेल (ठाऊक व्हायला निदान एखादं पत्र लिहावं लागतं), पण गेली नऊ वर्षं मी लेस्टर स्क्वेअरच्या मागच्या एका मोठ्या चित्रपटगृहात झाडलोट करते. आम्ही अकरा बायका. सातला येतो, आदल्या दिवसाच्या संत्र्याच्या साली, चॉकलेटचे कागद, सिगारेटची थोटकं उचलतो, जिने घासतो आणि साडेदहाला बाहेर पडतो. काल नऊला दिवे मंद झाले आणि पडदा उजळला. आम्हाला त्याची सवय आहे. सरकारने कायदा केलाय की अमेरिकन चित्रपट दाखवणाऱ्याने ठरावीक इंग्रजी चित्रपटही दाखवलेच पाहिजेत. आमच्या मालकाने तो कायदा नीट वाचला. इंग्रजी चित्रपट कोणी पाहिलाच पाहिजे, असं त्यात कुठे लिहिलेलं नव्हतं. तेव्हा आठवड्याभरात उरकलेले हे तुमचे चित्रपट तो झाडलोटीच्या वेळी लावतो, आणि संध्याकाळी गर्दीसाठी अमेरिकन. तुझा चित्रपट लंडनच्या ऐन मध्यावर लागलाय असं तू मित्रांना सांगत असशील, तर ते खरंच आहे. प्रेक्षक आम्ही. पाठ पडद्याकडे, तोंड फरशीकडे.

नाव 'रविवारचा पाहुणा'. लेखक सेड्रिक व्हॉन. मी वाचलं आणि पुढची रांग झाडायला घेतली, कारण ते नाव माझ्या ओळखीचं नव्हतं. मग मागून डॉकेटबाई खिदळायला लागली. ही आमच्याच घराच्या तळमजल्यावर राहते. तिला हसायला फार लागत नाही, कोणी घसरून पडलं तरी आठवडाभर पुरतं.

"हिल्डा, अगं बघ तरी! चोरी करायला आलाय आणि दार दुरुस्त करत बसलाय मेला!"

मी वळून पाहिलं. नाकाला मेण लावलेला एक जाडा नट एका श्रीमंताच्या मागच्या दाराशी गुडघ्यांवर बसून कुलूप दुरुस्त करत होता. शेजारी हत्यारांची पिशवी, पिशवीतून चांदीच्या चहादाणीची चोच बाहेर आलेली. आणि एक पोलीस शिपाई वाकून, आपली टोपी उलटी धरून, त्यात त्याचे स्क्रू सांभाळत उभा. "सावकाश होऊ द्या काका, घाई नाही," असं शिपाई म्हणाला आणि आमच्या दहाच्या दहा बायका फुटल्या. शिपाई तू होतास.

झाडू माझ्या हातून गळून पडला नाही. असल्या गोष्टी चित्रपटात होतात. मी सातवी रांग पूर्ण केली आणि आठवी घेतली.

सिरिल, खऱ्या माणसाचं नाक मेणाचं नव्हतं. ते चांगलं सरळ होतं, तुझ्यासारखंच. ऑक्टोबर १९०९, ब्लॅकहीथच्या टेकडीवर धान्याचे व्यापारी प्रुएट यांचं घर. घरचे आणि नोकरमाणसं सगळी चॅपलमध्ये गेलेली. बाबा मागच्या दाराशी बसून कुलूप बसवत होते. शेजारच्या मोलकरणीने ठोकाठोक ऐकली आणि धावत जाऊन शिपायाला आणलं. चोरी होतेय म्हणून नाही हं, रविवारी प्रार्थनेच्या वेळी कोणीतरी काम करतंय म्हणून! शिपाई बाबांना धर्म शिकवायला आला आणि त्याची नजर पिशवीतल्या चहादाणीवर गेली. कोर्टात न्यायाधीशसुद्धा हसला. बाबा एवढंच म्हणाले, "मला काही सांगायचं नाही." बारा महिने सक्तमजुरी. त्यानंतर या हयातीत कोणी त्यांच्या हाती कुलूप दिलं नाही. ज्याने अर्ध्या डेप्टफर्डची दारं सांभाळली, तो माणूस वीस वर्षं भंगाराच्या आवारात पितळ आणि तांबं वेगळं करत बसला.

माझं तेव्हा विल्फ्रेड नोक्सशी ठरलेलं होतं, आठवत असेल. गॅस कंपनीतला कारकून. त्याने चार ओळी लिहून मोडलं. त्यातल्या दोन ओळी त्याच्या आईच्या होत्या. आता तो केंटमध्ये राहतो आणि गुलाब लावतो असं ऐकते. मला त्याचं दुःख नाही, गुलाबांचं थोडं आहे.

आणि या सगळ्यावर तू विनोद लिहिलास. असे विनोद लिहायला आधी घरात दुसऱ्या कोणीतरी रडून ठेवावं लागतं. ते आम्ही करून ठेवलं होतं, तुला आयतं मिळालं.

त्या रविवारी तू कुठे होतास ते मी लिहीत नाही. तुला माहीत आहे आणि मला माहीत आहे. एवढंच लिहिते की तुझ्या चित्रपटातल्या म्हाताऱ्याला मुलगाच नाही. स्वतःला कथेतून सफाईने वगळलंस आणि वर पोलिसाचा गणवेश चढवलास. करून करून भागला आणि देवपूजेला लागला, दुसरं काय.

हे पत्र तुझ्या स्टुडिओच्या पत्त्यावर टाकते आहे. मिळालं तर कळव, नाही मिळालं तरी माझं काही अडलेलं नाही.

तुझी बहीण (हे नातं पुसता आलं असतं तर आज दोन शब्द वाचले असते),
हिल्डा टॅपसेल


डेप्टफर्ड
गुरुवार, ८ मार्च

सिरिल,

तुझं पत्र आज पहिल्याच टपालाने आलं. पंचवीस वर्षांत टपाल खात्याला तुझ्यासाठी एवढी धावपळ करावी लागली नव्हती.

"माझी लाडकी हिल्डी" हे वाचून मला वाटलं पत्र चुकून दुसऱ्या कोणाचं आलंय. चार पानांपैकी तीन पानं तुझी पाठदुखी, तुझी घरमालकीण आणि तुला मोठी कामं न देणारे दिग्दर्शक यांना वाहिलेली. चौथ्या पानावर मुद्द्याचं: "शेवट पाहिलास का? शेवट पाहिल्याशिवाय मला दोष देऊ नकोस." खाली तीन रेघा. रेघा ओढण्यात तू शाळेपासून पुढे.

नाही पाहिला. शेवटची पंधरा-वीस मिनिटं उरली की आमच्या देखरेखीवरचे क्राउचसाहेब मला बाहेरच्या मोठ्या जिन्याच्या पितळी दांड्या घासायला पाठवतात. तीन दिवसांत तीनदा तेच झालं. मी तक्रार केलेली नाही. पितळ घासलं की निदान उजळतं.

आणि शेवट मला नव्याने काय पाहायचा? शेवट मी १९१० साली पाहिला आहे. तुरुंगाच्या फाटकातून एक माणूस बाहेर येतो, कोट अंगावर टांगल्यासारखा लोंबतोय, न्यायला मुलगी एकटीच आली आहे. तो इकडेतिकडे बघतो आणि विचारतो, "सिरिल कामावर गेला असेल, नाही?" तू तेव्हा यॉर्कमध्ये एका फिरत्या नाटक कंपनीत कापडी घोड्याचे मागचे पाय झाला होतास. मी म्हटलं, "हो बाबा, कामावर."

दोष देऊ नकोस म्हणतोस. बरं, दोष देत नाही. जे झालं ते लिहिते, म्हणजे तुझ्या विनोदी डोक्यात एकदा नीट बसेल.

चहादाणी तू चोरलीस. तू प्रुएटांच्या वखारीत कारकून होतास, ते शनिवारी संध्याकाळी जेवायला बाहेर जाणार हे तुला माहीत होतं. मागच्या दाराचं कुलूप मोडून आत शिरलास, आणि एवढ्या घरात तुला सापडलं काय, तर पाहुण्यांसाठीची चहादाणी. ती आणून आपल्या घरी कोळशाच्या बादलीत पुरलीस आणि दारू पिऊन झोपलास. रविवारी सकाळी चूल पेटवायला बाबांनी बादलीत हात घातला. मी ओट्याशी पीठ मळत होते. त्यांनी चहादाणी बाहेर काढली, तिच्यावरचं नाव वाचलं, बाहीने पुसली. एकदा जिन्याकडे पाहिलं, जिथे वर तू घोरत होतास. मग हत्यारांची पिशवी उचलली आणि म्हणाले, "जरा फिरून येतो गं." मी मान वर केली नाही. मी पाहिलं नाही असं त्यांना वाटलं.

ते परत ठेवायला गेले होते. चहादाणी आधी आत ठेवली असती तर पकडायला काहीच उरलं नसतं. रविवारी कुलूप दुरुस्त करणारा एक अधर्मी कारागीर, एवढाच गुन्हा, शिपायाने दोन शब्द सुनावून सोडला असता. पण ते कुलूप बाबांनीच बसवलेलं होतं. आपल्या हातचं काम कोणीतरी पहारीने उचकटलेलं पाहिलं आणि त्यांना पुढे पाऊल टाकवेना. पिशवी खाली ठेवली आणि आधी कुलपाशी बसले. आधी काम, मग बाकीचं. दुसरा कोणी माणूस असा फसला नसता. चोर तर नाहीच नाही.

कोर्टात त्यांनी तोंड उघडलं असतं तर तू आत गेला असतास. उघडलं नाही. आजही त्यांची समजूत आहे की यातलं मला काही माहीत नाही. तू त्यांना लिहायला जाऊ नकोस.

एक कटकट झाली आहे ती मात्र सांगायला हवी. डॉकेटबाईच्या जिभेला हाड नाही. काल संध्याकाळी मी घरी आले तर ही आमच्याकडे खुर्चीत, हातात माझाच चहा, आणि बाबांना पूर्ण चित्रपट करून दाखवतेय.

"आणि टॅपसेलकाका, तो शिपाई काय म्हणतो माहितीय? 'सावकाश होऊ द्या काका!' आणि स्क्रू टोपीत! मी तर बाई लोळले!"

"कुलूप कुठल्या प्रकारचं होतं?" बाबांनी विचारलं.

"आता ते मला काय ठाऊक? दाराला होतं."

ती गेल्यावर बाबा हात शेकत बसले. मग म्हणाले, "हिल्डा, हा चित्रपट कोणी काढलाय?"

मला खोटं बोलता आलं असतं. सवय आहे. पण तुझं उत्तर येऊन कपाटावर पडलं असणार आणि बाबांनी ते पाहिलं असणार, या विचाराने मी गडबडले, आणि ते तर आज आलं! म्हातारपण दुसरं काय असतं. मी म्हटलं, "सिरिलने."

"शनिवारी मला ने."

"बाबा, तिथे बाहेरच्यांना सोडत नाहीत. फक्त आम्ही झाडणाऱ्या बायका असतो."

"मग सांग दुरुस्तीला माणूस आलाय. एवढ्या खुर्च्या, एखाद्या तरी खुर्चीचा स्क्रू ढिला असणारच."

"तुमची थट्टा केलीय त्यात. लोक हसतात."

"हसू देत की. पूर्वी तर फुकट हसायचे."

मी नाही म्हणून सांगितलं. वादात मी जिंकले असं मला वाटलं होतं, पण आज सकाळी त्यांनी टोपी ब्रशने साफ केली आहे आणि खुंटीला लावली आहे. शनिवारचा खेळ शेवटचा, मग तुझा चित्रपट डब्यात जाणार आणि तो डबा पुन्हा कोणी उघडणार नाही. तेवढे दोन दिवस माझा निग्रह टिकावा. तू शेवटाबद्दल पुन्हा लिहू नकोस.

हिल्डा


डेप्टफर्ड
रविवार, ११ मार्च

सिरिल,

मी त्यांना नेलं.

नेलं म्हणजे काय, पावणेसहाला मी दार उघडलं तर हे टोपी घालून, पिशवी घेऊन पायरीवर उभे. पिशवी तीच. मी म्हटलं, "खोकला आहे तुम्हाला," तर म्हणाले, "तो येतोय बरोबर, त्याचं तिकीट नको."

क्राउचसाहेबांनी फाटकातच अडवलं. "हा कोण?" मी शब्द जुळवत होते तोवर डॉकेटबाईनेच तोंड घातलं. "खुर्च्या बघायला आलाय. तुमच्याच हापिसानं पाठवलाय की, तुम्हालाच पत्ता नाही?" साहेबांना पत्ता नसणं कमीपणाचं वाटतं, त्यामुळे ते म्हणाले, "हो हो, माहितीय." बाबा नवव्या रांगेत बसले. खरंच तीन खुर्च्या आवळल्या त्यांनी, चित्रपट सुरू व्हायच्या आत.

नऊला सुरू झाला. मी त्यांच्यापासून दोन खुर्च्यांवर झाडत होते, म्हणजे एकच जागा पुन्हा पुन्हा झाडत होते. मेणाच्या नाकाचा नट आला. बाबा पुढे वाकून बघत होते. तो कुलपाशी बसला तसे म्हणाले, "हत्यार उलटं धरलंय गाढवाने." मग शिपाई आला, टोपीत स्क्रू धरले, बायका हसल्या. बाबाही हसले, सिरिल. तोंडावर हात न धरता, चांगले मोकळे. मग डोळे बारीक करून विचारलं, "शिपाई कोण?"

"सिरिल."

"जाड झालाय," ते म्हणाले. "बरं झालं. लहानपणी अंगी काही लागत नव्हतं त्याच्या."

शेवटची पंधरा मिनिटं उरली तसे क्राउचसाहेब आले. "टॅपसेल, पितळ." मी म्हटलं, "आज पितळाला सुट्टी आहे साहेब." नऊ वर्षांत पहिल्यांदा मी त्या चित्रपटगृहात खुर्चीवर बसले, बाबांच्या शेजारी.

तर तुझा शेवट पाहिला.

चहादाणी हातात घेऊन शिपाई म्हाताऱ्याला विचारतो, ही कुठली, आणि म्हातारा गप्प. मग वाजंत्री थांबली आणि तू आदल्या दिवसाची गोष्ट दाखवलीस. दार मोडणारा पोरगा. कोळशाची बादली. बाहीने पुसणारा बाप. मुलगा होताच तुझ्या गोष्टीत, नुसता मागे ठेवला होतास. आमच्या बायकांनी केरसुण्या टेकवल्या. डॉकेटबाई म्हणाली, "अगं बाई, म्हणजे परत ठेवायला आला होता बिचारा!" आणि मी कबूल करते की त्या एका मिनिटाला तुझ्याबद्दल मला बरं वाटलं. गुन्हा कबूल करायला तू जागा निवडलीस ती अशी, जिथे कोणी ऐकणार नाही. पण कबूल तरी केलास.

मग शिपाई त्या म्हाताऱ्याच्या घरी गेला. दार उघडलं ते त्या पोराच्या बहिणीने. हाताला पीठ.

हे मला माहीत नव्हतं, सिरिल. हे तू लिहिलं असशील असं माझ्या स्वप्नातही नव्हतं.

शिपाई विचारतो, "तुमचा भाऊ काल संध्याकाळी कुठे होता?" आणि ती म्हणते, "घरीच. दुपारपासून तापाने फणफणलाय. मी त्याच्या उशाशीच बसले होते." शब्द न् शब्द. तापापर्यंत. आणि वर जिन्यावर, कठड्याआड तो पोरगा उभा राहून ऐकतोय. शिपाई टोपीला हात लावतो आणि जातो. तूच विचारलंस, तूच ऐकलंस आणि तूच निघून गेलास, एका दृश्यात तीन कामं. मोठ्या भूमिका मिळत नाहीत म्हणून रडतोस ते उगाच.

"सटवी!" मागून डॉकेटबाई ओरडली. "बापाला आत पाठवते आणि भावाला पदराखाली घालते! हिच्या तोंडाला काळं फासा कोणी!" बाकीच्या बायकांनीही हुर्यो केली. बिचाऱ्यांना काय माहीत, ती बया त्यांच्यातच केरसुणी घेऊन बसली आहे ते. बाबांनी माझ्याकडे पाहिलं नाही. ते पडद्याकडेच बघत राहिले, पुढे म्हातारा तुरुंगाचं कुलूप दुरुस्त करतो आणि जेलर त्याचा हात हातात घेतो तो मूर्खपणा संपेपर्यंत. तो भाग तुझ्या मालकांनी घालायला लावला असणार. दिवे लागले. बाबांनी टोपी घातली आणि म्हणाले, "चल."

ट्राम न्यू क्रॉसला पोहोचली. मग खिडकीबाहेर बघत त्यांनी विचारलं, "शिपाई आपल्या घरी आला होता?"

"हो."

"आणि तू तसं म्हणालीस?"

"हो."

मग ते बोलले ते तुला जसंच्या तसं लिहिते, कारण तुझ्यामुळे ते मला ऐकावं लागलं. "हिल्डा, आत असताना मी एकाच गोष्टीवर दिवस काढले. म्हटलं, पोरीला काही माहीत नाही. तिला वाटतंय बाप चोर आहे, आणि तरी महिन्याच्या महिन्याला भेटायला येते, गजाआडून हसते. चोर असलेल्या बापावर एवढी माया करणारी पोर किती जणांना मिळते? बाहेर आल्यावरही मला तेच वाटायचं. तू वाटी पुढे केलीस की मनात यायचं, बघ, हिला वाटतंय मी चोर आहे, आणि तरी."

खोकला आला, की आणला, मला कळलं नाही.

जिना चढताना मी म्हटलं, "बाबा, सिरिलने माझे पाय धरले होते. रडत होता. मला नाही म्हणवलं नाही." ते पायरीवर थांबले. "असं?" म्हणाले. "मग त्याला येऊन सांगू दे."

आज रविवार. मी मटण उकडलं, बटाटे केले. बाबांनी खुर्ची खिडकीशी ओढून घेतली आणि ताट मांडीवर घेऊन तिथेच जेवले. ताट परत देताना "आभारी आहे" म्हणाले. खाणावळीत म्हणतात तसं. माझ्या पन्नास वर्षांच्या आयुष्यात बाबांनी मला आभारी आहे म्हटलेलं नाही, आणि पुन्हा म्हटलेलं मला ऐकायचं नाही.

तू माझे पाय धरले नव्हतेस. हे आपल्या दोघांना माहीत आहे. तू मला काहीच म्हणाला नव्हतास. शिपायाने एक प्रश्न विचारला आणि एप्रनला हात पुसायला लागतो तेवढ्या वेळात मी ठरवलं. इतकी वर्षं मी मनाशी म्हणत आले की बाबांना सोडतील असं मला वाटलं होतं, पोक्त माणूस, नाव चांगलं, कोण शिक्षा करतंय. तेही खोटं. मला तेव्हा बाबांपेक्षा तू जास्त प्रिय होतास. सहा वर्षांचा असल्यापासून तुला मी भरवलं, निजवलं, तापात उशाशी बसले. दोघांतला एक द्यायचा होता आणि मी त्यांना देऊन टाकलं. नंतर पंचवीस वर्षं त्यांची सेवा केली, ती लोकांना माया वाटली. बाबांनाही वाटली. काही होती माया, पण सगळी नव्हती.

आणि इतके दिवस मला वाटत होतं की तू वर झोपला होतास, तुला हे माहीतच नाही, म्हणून निरोप न घेता गेलास. काल कळलं की तू कठड्याशी उभा होतास. ऐकलंस, आणि परत जाऊन पांघरूण ओढून घेतलंस. तुझ्याबद्दल मला जी घृणा होती ती अर्धी अज्ञानातली होती. आता पुरी झाली.

तरीही हे पत्र मी तुला लिहिते आहे, कारण दुसऱ्या कोणाला लिहून उपयोग नाही. पुढच्या रविवारी ये. दुपारी एकच्या सुमाराला, ते जेवायला बसतात तेव्हा. तुझ्यावर त्यांचा राग नाही. तुला त्यांनी कोळशाच्या बादलीपाशीच माफ करून टाकलं होतं. राग माझ्यावर आहे, आणि तो उतरायला लागतील तेवढी वर्षं त्यांच्याजवळ नाहीत. तू यायचंस आणि सांगायचंस की तू माझे पाय धरलेस, रडलास, मला बोलायला भाग पाडलंस.

तुझं काम मला आठवडाभर पाहावं लागलं आहे, म्हणून सांगते, फार करू नकोस. हातवारे नकोत, आवाज कापवू नकोस, डोळ्यांतून पाणी तर मुळीच काढू नकोस. नाटकी माणूस त्यांना लगेच कळतो. एकच वाक्य, खाली बघून. मग बस आणि जे वाढीन ते खा.

उत्तर लिहू नकोस, सकाळचं टपाल बाबा घेतात. मी एकदा तुझ्यासाठी खोटं बोलले, तू न मागता. आता मी मागते आहे.

पदर पसरायची सवय नसलेली,
तुझीच,
हिल्डा